महाराजांचं दही लागेना

जोर मारता मारता मल्हारी पैलवान आखाड्याच्या तांबड्या मातीतच झोपी गेला, आणि पहाऱ्यावरच्या शिपायाने त्याच्या डोक्यावर गार पाण्याची घागर उपडी केली!

हुकूमच तसा होता. जत्रेत शेजारच्या राजाच्या पैलवानाशी मल्हारीची कुस्ती ठरली होती, आणि कनकगडच्या रणधीरराजांनी मिशीला पीळ देत फर्मावलं होतं, "जत्रेपर्यंत आमच्या पैलवानाने क्षणभरही रिकामं बसायचं नाही! जोर, बैठका, कुस्ती, पुन्हा जोर!" तालमीच्या वस्तादांनी त्याच्या विश्रांतीसाठी हात जोडून विनवलं, तर राजांनी त्यांनाच तालमीबाहेर काढलं.

मल्हारीची धाकटी बहीण गोजरा राजवाड्यावर दही लावायच्या कामाला होती. रेड्याला रेटणारा आपला भाऊ आता घास उचलतानाही थरथरतो, हे ती रोज पाहत होती. कुस्ती गेली तर गेली, पण हात कायमचा गेला म्हणजे? ती तडक दरबारात जाऊन उभी राहिली.

"म्हाराज, दादाला झोपू द्या. ताकद झोपेतबी येते!"

"झोपेत?" लोडाला रेललेले रणधीरराजे जेमतेम सावरून बसले. "मग गावातले सगळे आळशी पैलवान झाले असते! पोरी, बडबड नको. हात न लावता काम होतं, हे आमच्या डोळ्यांना दाखव. नाही जमलं, तर तुझ्या भावावर एकीच्या जागी दोन घागरी!"

"दाखवते की! फकस्त तुमचा हुकूम मला मुदपाकखान्यात चालवू द्या."

"कोणता हुकूम?"

"ह्योच, की क्षणभरबी कुणी रिकामं बसायचं न्हाई."

"चालव की! चांगलंच आहे!"

आता, राजांना दह्याशिवाय भात उतरत नसे. तेही कसं, तर वाटी उपडी केली तरी हलू नये असं घट्ट. दुसऱ्या दिवशी त्यांनी वाटीत बोट घातलं, तर आत पिवळट पाणी आणि चार गुठळ्या! आचारी मान खाली घालून उभा. त्यानंतरच्या दिवशीही तेच. राजे कडाडले, "ना दूध, ना दही, ना ताक! बोलवा त्या गोजरेला!"

गोजरा हातातल्या रवीसकट हजर झाली.

"म्हाराज, दुधाला विरजण लावलं, तर भांडं आपलं निवांत बसलंय! म्हटलं, हुकूम काय आन् ह्ये काय? मी न् आचारी आळीपाळीनं घुसळतोय. जराबी उसंत दिली न्हाई!"

"अगं खुळे!" राजांनी कपाळावर हात मारला. "विरजण लावल्यावर भांड्याला धक्कासुद्धा लावायचा नसतो! झाकायचं आणि विसरून जायचं!"

"पण झाकल्यावर दही लावतं कोण? तिथं तर कुणाचाच हात नसतो!"

"हात कशाला हवा? ते आपलं आपणच..."

प्रधानांना एकाएकी खोकला आला.

"दादानं दिसभर घाम गाळला, म्हंजी दूध तापलं, विरजण लागलं," गोजरा म्हणाली. "फुडचं काम झोपेत व्हायचं, तर तुमचा शिपाई घागर घिऊन घुसळतोय! म्हून दादाचं पार पाणी झालंय."

हरणं राजांच्या रक्तात नव्हतं. त्यांनी डोळे बारीक केले.

"असं का? मग आम्ही तर जन्मभर लोडाला टेकून आराम करतोय. तरी चार पायऱ्या चढलो की धाप लागते! आमच्यात का नाही आली ताकद? उत्तर पटलं तर भाऊ सुटला. नाहीतर उद्यापासून त्याच्या शेजारी तूही जोर काढायला!"

गोजरेने रवी खाली ठेवली आणि मान वर केली.

"गुन्हा माफ करा म्हाराज. पर दूध न घालता रिकामंच भांडं झाकून ठिवलं, तर दही लागंल कशाचं?"

प्रधानांनी डोळेच मिटून घेतले. आणि राजे हसले! असे हसले की पोट हिंदकळलं, पागोटं कानावर आलं.

"घागर काढून घ्या त्या शिपायाची! वस्तादांना मानाने परत आणा, मल्हारीला आत्ताच्या आत्ता झोपवा, आणि या पोरीला आमच्या गोठ्यातली सगळ्यात दुभती म्हैस द्या!"

मग डोळे पुसत ते प्रधानांना म्हणाले, "आणि वस्तादांना सांगा, उद्या सकाळी आम्हीही तालमीत येतोय. भांड्यात थोडं दूध घालून बघू!"