दुकाठीचा दोर

होडीवरचं ते हॉटेलचं निशाण मी उतरवायला लावलं, त्याचा राग धरू नका. दुकाठी बेटावर कुठलंच निशाण चालत नाही. लग्नाची होडी आली तरी पताका काढून ठेवते. या दोन काठ्या बघा, एक उत्तरेच्या टोकाला, एक दक्षिणेच्या, आणि मधे हा बोंबलांनी भरलेला दोर. यांच्यावरूनच बेटाला नाव पडलं. लाकूड काही तेव्हाचं नाही, कुजलं की आम्ही नवं रोवतो. खड्डे मात्र तेच.

असं सांगतात, की तेव्हा खाडीच्या उत्तरेला एक राज्य होतं आणि दक्षिणेला दुसरं. बेट हे एवढंसं. झाड नाही, प्यायला पाणी नाही. पण दोन्ही राजांना ते हवंच होतं, कारण दुसऱ्याला हवं होतं. कोळ्यांना कोण विचारतो? दोन्ही काठांचे कोळी पिढ्यान्‌पिढ्या इथेच बोंबील वाळवायचे. किनाऱ्याला सगळा चिखल, अशी वाऱ्याची कोरडी जागा दुसरी नव्हती. पावसाळ्याचे चार महिने घरं त्याच सुक्या मासळीवर चालायची.

एका हंगामात उत्तरेचं गलबत आलं आणि निशाण रोवून बसलं. दुसऱ्या दिवशी दक्षिणेचं आलं, त्यांनीही रोवलं. नऊ दिवस लढाई झाली म्हणे. शिपायांनी वाळवणीचे बांबू जाळून भात शिजवला. माणसं मेली त्यांत निम्मे कोळी, कारण दोन्ही गलबतांवर वल्ही मारायला आमचेच लोक धरून नेलेले. चांगुणा नावाची एक कोळीण होती. तिचा भाऊ उत्तरेच्या गलबतावर होता, तो गेला. नवरा दक्षिणेच्या गलबतावर होता, तो वाचला.

दहाव्या दिवशी दारूगोळा संपत आला तेव्हा दोघांना शहाणपण सुचलं. तह होईपर्यंत दोन्ही निशाणं उभी राहतील आणि दुसऱ्याच्या काठीला कुणी हात लावायचा नाही, असं ठरलं. गलबतं दोन बाजूंना नांगरली.

त्याच सकाळी दोन्ही काठांवरच्या गावांतल्या म्हाताऱ्यांनी होड्या भरून बोंबील आणले. ओला बोंबील म्हणजे नुसतं पाणी, उन्हं चढायच्या आत टांगला नाही तर फेकायचाच. आणि बांबू एक उरला नव्हता. बायका टोपल्या घेऊन नुसत्या उभ्या. चांगुणानं होडीतला काथ्याचा दोर काढला. एक टोक उत्तरेच्या काठीला बांधलं, दुसरं दक्षिणेच्या. मधे वल्ह्यांचे टेकू दिले आणि जबड्यात जबडा अडकवून जोडीजोडीनं बोंबील टांगायला लागली.

उत्तरेचा सरदार गलबतावरून ओरडला, "आमच्या निशाणाला मासळी बांधतेस? सोड तो दोर."

चांगुणा म्हणाली, "या काठीपायी माझा भाऊ गेला. आता तिला जरा कामाला लावते. दोर तोडायचा तर खाली या, आणि आधी माझे हात तोडा."

तोफ डागावी तर कुठली तरी काठी पडणार, आपली किंवा दुसऱ्याची. म्हणून शिपाई उतरवून दोर तोडायला दोन्ही सरदारांनी गलबतांच्या होड्या बेटाला लावायला सांगितल्या. तेव्हा चांगुणाच्या नवऱ्यानं आपलं वल्हं उचलून आत ठेवलं. त्याचं बघून शेजाऱ्यानं ठेवलं. मग समोरच्या गलबतावरच्यांनीही. चाबकानं पाठी फुटल्या म्हणे, पण एक वल्हं पाण्याला लागलं नाही. त्यांच्याही घरचं खाणं त्या दोरावर होतं.

तीन दिवस असेच गेले. घारी बोंबलांवर यायच्या आणि निशाणांवर बसून ती घाण करायच्या. गलबतांवरचं पाणी संपलं. वल्हेकरी म्हणाले, घरी न्यायचं असेल तर नेतो. शेवटी गलबतं आपापल्या काठाला गेली. तह कधी लिहिलाच नाही. निशाणांचं कापड मात्र चांगलं जाड होतं. बायकांनी ते धुऊन त्यात सुके बोंबील बांधले आणि दोन्ही काठांवर वाटून नेले.

आजही हंगामाचा पहिला दोर बाईच बांधते. भांडणही आहेच म्हणा, आता दोन तालुक्यांचं. मागल्या वर्षी एका तालुक्याचे मोजणीवाले आले, बेट आमचं असा फलक लावून लोखंडी खांब रोवून गेले. खांब छान मजबूत आहे. माझ्या सुनेनं दुसरा दोर त्यालाच बांधलाय. मोजणीवाले परत आले तेव्हा त्यांनाही त्या दोराखालून वाकूनच जावं लागलं. तुम्हीही वाका, नाही तर बोंबील डोक्याला लागतील.