घास न घेणारा कावळा

चीन देशात एका रुंद नदीच्या काठी बांबूचे दाट बन होते. बनाला लागूनच एक किल्ला होता. त्या बनात एक कावळा आपल्या कावळिणीसह राहत असे. कावळ्याला गोतावळ्याची फार हौस. भाताचे एक शीत सापडले, तरी आधी काव काव करून चार जणांना बोलावील आणि मगच चोच लावील. त्याला दुःख एकच होते. किल्ल्याच्या तटावर तो जरा टेकला, की शिपाई त्याला हुसकून लावत.

एके वर्षी नदीपलीकडे शत्रूचे तंबू पडले आणि किल्ल्यातले कारागीर नव्याच कामाला लागले. त्यांनी बांबूच्या कामट्यांचा सांगाडा केला, त्यावर कागद चिकटवला, त्याला पंख, शेपूट आणि चोच लावली. झाला कावळा तयार! मग त्याच्या पोटात दारू ठासली. मुलांनो, दारू म्हणजे फटाक्यात असते ती, भलते काही मनात आणू नका. पंखांखाली बाण बांधले. दिवाळीत तुम्ही बाटलीत उभा करून बाण उडवता ना, आणि तो सरळ वर जायचे सोडून शेजारच्या काकूंच्या गॅलरीत शिरतो ना, तसलेच हे बाण, फक्त चांगले दांडगे. वात पेटवली की बाणांच्या जोरावर हा कावळा नदी ओलांडणार आणि शत्रूच्या तंबूंवर पडून भडकणार, अशी ती युक्ती होती.

आपल्या कावळ्याला यातले काही ठाऊक नव्हते. त्याने पाहिले ते एवढेच, की ज्या तटावरून आपल्याला हाकलतात, त्याच तटावर आपल्यातल्या एकाला मानाने बसवले आहे आणि तो भिजू नये म्हणून शिपाई त्याच्यावर तेल लावलेला कागद पांघरतात. कावळ्याची छाती फुगली. आपला माणूस किल्ल्यात नोकरीला लागला, असे तो बनभर सांगत सुटला. दुसऱ्या दिवशी शिपायांची नजर चुकवून तो भाताचे शीत घेऊन गेला आणि त्याने ते त्या कागदी कावळ्यापुढे ठेवले. तो ढिम्म. मोठ्या जागेवरची माणसे चारचौघांत खात नाहीत, अशी स्वतःची समजूत घालून आपल्या कावळ्याने ते शीत स्वतःच गिळले. आपल्याकडे कावळा घासाला शिवला नाही, की म्हणतात, काहीतरी इच्छा राहिली. या कागदी कावळ्याचीही एक इच्छा राहिलीच होती.

घरटे बांधायचे दिवस आले. यंदा दूर डोंगरात जाऊ, असे कावळिणीचे म्हणणे पडले. कावळ्याला मात्र तटासमोरचे कापराचे झाडच हवे होते. त्या झाडावर मधमाश्यांचे पोळे होते, पण माश्या आवराआवर करून निघाल्या होत्या. कावळिणीने कारण विचारले, तेव्हा एक म्हातारी मधमाशी म्हणाली, "किल्ल्यात एक पेटी आहे. एक वात पेटवली की तिच्यातून बाणच बाण सुटतात. तिला म्हणे पोळं म्हणतात. आम्ही आत डोकावून आलो. मधाचा थेंब नाही, नुसता गंधकाचा वास. मध नाही ते पोळं आमचं नव्हे. तुम्हीही इथून निघा."

"माश्यांना नात्यागोत्याचं काय कळतं?" कावळा हसून कावळिणीला म्हणाला. "अगं, आपला भाऊ तटावर बसलेला असताना आपल्या घराला कोण हात लावणार?"

कावळिणीने फार ताणले नाही. कापराच्या झाडावर घरटे झाले, त्यात तीन पिल्ले झाली. दोघांचे पंख चांगले भरले, धाकटे मात्र अजून लोकरीच्या गोळ्यासारखेच होते. अशात एका दुपारी लढाईला तोंड फुटले.

वारा नदीकडे वाहत होता. आधी ती पोळ्याची पेटी सुटली आणि बाणांनी आभाळ भरून गेले. मग कागदी कावळ्याची वात पेटवली गेली. सूं सूं करत तो तटावरून उठला. आपला कावळा घरट्याच्या कडेला उभा राहून कौतुकाने पाहत होता. कागदी कावळा नदीच्या मध्यावर पोहोचला असेल नसेल, तोच वारा फिरला. कागदाचेच पंख ते, वारा नेईल तिकडे जाणार. तो वळला आणि थेट कापराच्या झाडाकडे येऊ लागला.

कावळिणीने पिल्लांना उठवले. कावळ्याला मात्र आनंद झाला. इतक्या दिवसांनी भाऊ घरी येत होता.

"ये, ये," तो म्हणाला, "हे आपलंच घर आहे."

आणि तो आला. त्याची कोणती इच्छा राहिली होती, ते त्या क्षणी कळले. आरतीतला कापूर कसा पेटतो, ते तुम्ही पाहिलेच आहे. ते तर अख्खे कापराचे झाड होते. कावळिणीने दोन पिल्लांना ढकलून उडवले. तिसऱ्याला उडता येत नव्हते. कावळा त्याच्यासाठी पुन्हा पुन्हा धुरात शिरला, पंख होरपळेपर्यंत शिरला, पण त्याला बाहेर काढू शकला नाही.

संध्याकाळी नदीच्या वाळूत ती चौघे बसली होती. दोन पिल्ले आईला चिकटली होती. कावळा म्हणाला, "मी त्याला ओळखलं. त्यानं मला कसं ओळखलं नाही?"

कावळीण रागावली नाही. ती म्हणाली, "अहो, त्यानं आपला घास घेतला नव्हता. ज्याला भूक नाही, पिल्लं नाहीत, त्याला घर कसं ओळखू येणार?"

सकाळी तटावर दुसरा कागदी कावळा बसवला होता. पहिल्यापेक्षा देखणा होता. आपला कावळा त्याच्यावरून उडत गेला, पण थांबला नाही. मधमाश्या ज्या वाटेने गेल्या होत्या, त्या वाटेने तो कावळिणीला आणि पिल्लांना घेऊन डोंगराकडे निघाला.

तात्पर्य : रूप आपले, नाव आपले, म्हणून कोणी आपला होत नाही. त्याच्या पोटात काय भरले आहे आणि त्याची वात कोणाच्या हातात आहे, ते आधी पाहावे.