साळुंकीपुढची चौथी फिर्याद

एका राज्यात एक चावडी होती आणि चावडीवर राजाची साळुंकी होती. ज्याला फिर्याद करायची त्याने तिच्यापुढे बोलावे. ती उडत जाई आणि राजाला अक्षर न् अक्षर ऐकवी. तिला विसरणे ठाऊक नव्हते, खरे-खोटेही ठाऊक नव्हते.

त्या राज्यात तानूबाई आणि हौसाई या सख्ख्या जावा राहत. नवरे लढाईत कामी आले, तेव्हा राजाने दोघींना मिळून जमीन दिली. वाटणीत पहिली निवड थोरलीची, म्हणून तानूबाईने नदीकाठची काळी घेतली. हौसाईला उरला खडकाळ माळ. तिने तीन वर्षे दगड वेचले, डोक्यावरून गाळ वाहिला, आणि चौथ्या वर्षी माळावर कमरेएवढी हळद उभी राहिली.

तानूबाईच्या पोटात दुखू लागले. तिचाही जोंधळा भरघोस आला होता, पण तिकडे बघायला तिला सवड कुठली? बांधावर उभी राहून ती दिवसभर हळदच बघे.

त्या भूमीला जुना शाप होता: जमिनीपायी जो खोटी फिर्याद करील, त्याच्या पायाखालची जमीन सरकेल. लोकांना वाटे, ही बोलण्याची रीत.

तानूबाईने आपल्याच कुदळीने बांध कोरला आणि साळुंकीला सांगितले, हौसाईने कोरला. तिच्या पायाखालची जमीन वीतभर खाली सरकली आणि ती अधांतरी राहिली. लुगड्याच्या घोळात कोणाला दिसले नाही. मग आपलीच कणसे माळ्यावर दडवून हौसाईवर चोरीचा आळ घेतला. जमीन हातभर सरकली. शेवटी विळ्याने आपलेच मनगट ओरखडले आणि म्हणाली, ती मला जिवे मारायला धावली. जमीन पुरुषभर सरकली. आता सगळ्यांना दिसले, पण लोक म्हणाले, हीदेखील हौसाईचीच करणी.

राजाने हौसाईला कोठडीत घातले. पौर्णिमेला तिला राज्याबाहेर घालवायचे आणि माळ तानूबाईला द्यायचा, असे ठरले.

तानूबाईला मोठा आनंद झाला. तो एक दिवस टिकला. दुसऱ्या दिवशी ती हरभरा पेरायला गेली. मूठभर बी टाकले, तर तेही तिच्यासारखेच अधांतरी राहिले. दोन्ही जमिनी तिच्या होणार होत्या आणि एकीतही तिचा दाणा रुजणार नव्हता.

उंबराखाली एक जोगी बसे. ती रडत त्याच्याकडे गेली.

तो म्हणाला, "बोललेला शब्द मागे घेता येत नाही. तीनदा बिघडवलेस, तीनदा नीट कर."

तिने लांब दांड्याच्या फावड्याने, वरूनच लोंबकळत, बांध भरला. ती हातभर उंचीवर आली. दडवलेली कणसे तिने भर दुपारी गावच्या खळ्यावर, सगळ्यांदेखत ओतली. आता वीतभरच अंतर उरले.

इथे तिचे मन फिरले. वीतभर तर वीतभर, लुगड्यात झाकते आहे. माळ आपला होतो आहे. पण मूठ उघडली, तर हरभरा तसाच वीतभर वर थांबला. पौर्णिमेच्या दुपारी ती चावडीवर गेली.

"फिर्याद कोणावर?" साळुंकीने विचारले.

"हौसाईवर."

"गुन्हा?"



"तिची हळद माझ्या जोंधळ्याहून चांगली आली. मला ते बघवत नाही. आधीचे सगळे मी खोटे सांगितले."

तिचे पाय जमिनीला लागले. फरशी उन्हाने तापली होती, तळवे भाजले, आणि ती हलली नाही.

राजाने चारही फिर्यादी ऐकल्या आणि हौसाईला सोडले. हौसाई थेट बांधावर आली. तानूबाई तिथेच मान खाली घालून उभी होती.

हौसाई म्हणाली, "आक्का, इतके दिवस इथे उभ्या राहून बघितलंत. एकदा तरी विचारायचं होतं, हळद कशी लावतात ते."

"मला अजूनही बघवत नाही गं."

"बघू नका. खाली बसून खुरपा. मला बाई हवीच आहे."

तानूबाईने अनवाणी बांध ओलांडला.

शाप फिटला. काळीत हरभरा रुजला, माळावर हळद पिकली, बांध जागचा हलला नाही. साळुंकी मात्र ती चौथी फिर्याद अजून म्हणून दाखवते, आणि तानूबाईला ती ऐकावी लागते. सांगणाऱ्याच्या आणि ऐकणाऱ्याच्या पायाखाली जमीन राहो.