फाटकवाल्याचा खांदा

एकदा एक म्हातारा होता, आणि त्याचा व्यवसाय असा विलक्षण की वर्षभर मान मोडून राबावं तेव्हा कुठे चार मिनिटं हाती लागावीत. तो बाहुल्यांचे चित्रपट करी. दोरीवर नाचणाऱ्या बाहुल्या नव्हेत. आत तारेचा सांगाडा, त्यावर फोम, त्यावर कापड, असा वीतभर उंचीचा बाहुला टेबलावर उभा करायचा, त्याचा हात केसभर हलवायचा आणि फोटो काढायचा. पुन्हा केसभर, पुन्हा फोटो. असे बारा फोटो झाले की पडद्यावरचा एक सेकंद होतो. दिवस चांगला गेला तर संध्याकाळपर्यंत बाहुला खुर्चीवरून उठतो. फारच चांगला गेला तर दाराकडे दोन पावलं टाकतो. याला स्टॉप-मोशन म्हणतात. म्हाताऱ्यानं हे काम कुठल्या कंपनीत नाही, कुणाच्या पदरी राहून नाही, तर स्वतःच्या हिमतीवर बेचाळीस वर्षं केलं होतं, आणि त्याची आयुष्यभराची कमाई सलग लावली तर अडीच-तीन तासांत पाहून होत असे. लोक त्याला विसुभाऊ म्हणत.

त्याच्याकडे सुवर्णा नावाची एक शिष्या होती. वय एकतीस. पुण्यातली बरी नोकरी सोडून चार वर्षांपूर्वी ती या आडगावी आली, तेव्हा नातेवाइकांनी कपाळाला हात लावला होता. "अजून बाहुल्याच खेळतेय का ती?" असं लग्नकार्यात कुणी ना कुणी विचारी, आणि सगळे हसत.

गावाबाहेरच्या कापसाच्या बंद जिनिंग कारखान्याचं गोदाम हीच विसुभाऊंची कार्यशाळा. खिडक्यांना काळं कापड ठोकलेलं. ऊन तासातासाला बदलतं आणि ते फोटोत लगेच कळतं, म्हणून उन्हाला आत मज्जाव. रंगीत कपड्यांची झाक बाहुल्याच्या तोंडावर पडते, म्हणून दोघंही काळे सदरे घालून वावरत. गोदामाच्या एका टोकाला त्याचं टेबल, दुसऱ्या टोकाला तिचं, मध्ये पडदा. उगाच चाललं तर टेबल हादरतं, म्हणून चालणं कमी. बोलता बोलता हात चुकतो, म्हणून बोलणं त्याहून कमी. दुपारी डबा खाताना जे काय चार शब्द होतील तेवढेच. सुवर्णाला हा एकटेपणा पहिल्या वर्षी बोचला, दुसऱ्या वर्षी सवयीचा झाला, आणि चौथ्या वर्षी तिला वाटू लागलं की आपल्याला माणसांची गरजच उरलेली नाही. असं वाटू लागणं ही या विद्येतली सर्वांत धोक्याची पायरी. पण ते तिला कोण सांगणार? विसुभाऊ स्वतः त्याच पायरीवर अनेक वर्षं बसून उठले होते, पण त्याबद्दल कधी बोलले नव्हते.

तिचा चित्रपट एका फाटकवाल्याचा होता. छोट्या गाडीचा रूळ कधीच उखडून नेलेला, गाडी बंद झालेली. पण हा म्हातारा फाटकवाला रोज ठरल्या वेळी खाकी कोट चढवतो आणि फाटकापाशी येऊन उभा राहतो. शेवटच्या दृश्यात तो नऊ सेकंद नुसता उभा असतो, आणि मग कधीच न येणाऱ्या गाडीसाठी हिरवं निशाण वर करतो. इथे चित्रपट संपतो.

तो कोट तिच्या वडिलांनी शिवला होता. अण्णांचं बार्शीला शिंपीकामाचं दुकान. आई जाऊन सहा वर्षं झाली होती. दुकानाच्या मागच्याच खोलीत ते एकटे राहत. मुलगी काय करते हे त्यांना नीटसं उमगलं नव्हतं. पण बाहुल्याला कोट हवा म्हटल्यावर त्यांनी त्याच्या मापाचा कोट शिवून दिला, अस्तरासकट, आणि साबुदाण्याएवढ्या पाच गुंड्यांना हातानं काजं केली. "उघडतील का हो याच्या गुंड्या?" असं तिनं विचारल्यावर ते म्हणाले होते, "कोटाच्या गुंड्या उघडायच्या नाहीत तर मग कोट शिवायचाच कशाला?"

पहिली तीन वर्षं दर रविवारी ती त्यांना फोन करी. अण्णा विचारत, "कुठवर आलं गं काम?" ती म्हणे, "अजून फाटकापाशीच आहे, अण्णा." पुढच्या रविवारी तोच प्रश्न, तेच उत्तर. होता होता तिला त्या उत्तराची लाज वाटू लागली. सांगण्यासारखं काही नाही, मग दर रविवारी काय बोलायचं? तिनं मनाशी ठरवलं, आता चित्रपट पुरा झाला की एकदमच बार्शीला जायचं आणि दुकानातच लावून दाखवायचा. मधल्या काळात अण्णा कुठे जाणार आहेत! दुकान आहे, मशीन आहे, गळ्यात टेप अडकवून ते तिथेच बसलेले आहेत. या विचारावर आठ महिने निघून गेले. अण्णाही मानी, मुलीच्या कामात खोळंबा नको म्हणून त्यांनीही फोन केला नाही.

अखेर शेवटचं दृश्य आलं. सुवर्णा हुशार होती. नऊ सेकंद बाहुला जर नुसता उभाच राहणार, तर एकशे आठ फोटो काढायचे कशाला? तिनं एक उत्तम फोटो काढला आणि संगणकावर त्याच्याच एकशे आठ प्रती लावून टाकल्या. मग तीन दिवस खपून निशाण वर जाण्याचा भाग केला, आणि तो खरोखर सुरेख साधला. रविवारी बार्शीची गाडी पकडायची असं ठरवून शुक्रवारी सकाळी तिनं ते दृश्य विसुभाऊंना दाखवलं.

विसुभाऊंनी ते दोनदा पाहिलं. मग म्हणाले, "निशाण फार छान वर गेलंय."

सुवर्णाचा जीव भांड्यात पडला.

"पण त्याआधी नऊ सेकंद हा कुठे गेला होता?"

"कुठे जाईल? उभाच तर आहे समोर."

विसुभाऊ उठले, तिच्या टेबलापाशी गेले आणि तिला काही कळायच्या आत त्यांनी फाटकवाल्याचा उंचावलेला हात दोन बोटांनी धरून सरळ खाली आणला.

सुवर्णा किंचाळलीच. एकदा मोडलेली ठेवण पुन्हा तंतोतंत जमत नाही, हे या कामातलं पोरसुद्धा जाणतं. विसुभाऊ ते नऊ सेकंद नव्यानं काढायला लावणार आणि मग निशाणाचे आधीचे फोटो त्यांना जुळणार नाहीत, हे ती समजली; तीन दिवसांची मेहनत एका क्षणात मातीमोल झाली होती.

"विसुभाऊ, काय केलंत हे! रविवारी अण्णांना दाखवायला नेणार होते मी!"

"अण्णांना कळवलंयस?"

"नाही. एकदमच जाणार होते."

"शेवटचं कधी बोललीस त्यांच्याशी?"

तिनं मनात महिने मोजले. आठ. विसुभाऊ एवढंच म्हणाले, "कॅमेऱ्यापाशी बस. मी 'हं' म्हटलं की फोटो घे."

मग त्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माणसानं जे आरंभलं, ते पाहून तिला वाटलं, म्हाताऱ्याचं डोकं फिरलं. ते स्टुलावरून गुडघे धरत उठत, बाहुल्यापाशी जात, त्याच्या उजव्या खांद्यावर एक बोट टेकवत, बोट काढत, मागे सरत आणि म्हणत, "हं." ती फोटो घेई. पुन्हा उठत, पुन्हा बोट टेकवत, पुन्हा मागे. बाहुला काही हलत नव्हता. हात जिथल्या तिथे, मान जिथल्या तिथे. जपमाळ ओढावी तसा हा प्रकार चालू राहिला.

चाळिसाव्या फोटोला तिच्यानं राहवेना. "अहो, हलवायचंच नाहीये, तर हात तरी कशाला लावताय?"

"हं," विसुभाऊ म्हणाले, आणि तिला फोटो घ्यावा लागला.

दुपारी डबा खाल्ला. साठाव्या फोटोनंतर विसुभाऊ दर वेळी उठताना कण्हू लागले. सुवर्णा रागानं म्हणाली, "बसा तुम्ही, मी लावते बोट." ते बसले, आणि उरलेले फोटो तिनंच पुरे केले. बोट टेकवायचं, काढायचं, मागे यायचं. नव्वदाच्या पुढे कधीतरी तिच्या ध्यानात आलं की बोटाखाली कापड आहे. चार वर्षं तिनं हा बाहुला हाताळला होता, पण त्याचा कोट तिला आज लागत होता. खांद्याची शिवण, आतलं अस्तर, त्याच्या कडेची बारीक हातशिलाई. चष्मा कपाळावर सारून ती शिलाई घालणारा माणूस तिला क्षणभर दिसला, आणि तो कसा दिसतो हे आपण जुन्या भेटीतलंच आठवतो आहोत, असं वाटून तिचं बोट थबकलं.

पाच वाजता एकशे आठ पुरे झाले. विसुभाऊंनी दोन्ही तुकडे लागोपाठ लावले. आधी तिचा. फाटकवाल्याचं चित्र नऊ सेकंद पडद्यावर होतं. मग आजचा. यातही फाटकवाला हलत नव्हता. पण दर स्पर्शागणिक कोटाची चुणी इवलीशी सरकली होती, कापडाची लव इकडची तिकडे झाली होती. डोळ्यांना ते वेगळं असं दिसत नव्हतं, फक्त एवढं कळत होतं की हा माणूस वाट पाहतो आहे.

विसुभाऊ पडद्याकडे पाहत बोलू लागले.

"माझा एक मित्र होता, सदू. लग्नाच्या बँडात क्लॅरिनेट वाजवायचा. माझ्या पहिल्या तिन्ही चित्रपटांचं संगीत त्याचं. इथंच या गोदामात बसून वाजवायचा, आणि चुकला की मला शिव्या द्यायचा. चौथा चित्रपट लांबला. सहा वर्षं लागली. संगीताचं काम शेवटी, म्हणून म्हटलं, आताच त्याला काय सांगायचं? सदू कुठे पळून जातोय! सहा वर्षांनी काम पुरं करून मोठ्या हौसेनं त्याच्याकडे गेलो. भांडण नव्हतं गं काही. त्यानं आत बोलावलं, चहा दिला. पाहुण्यांचे कप काढले होते. मला म्हणाला, 'बसा ना. प्रवास कसा झाला तुमचा?' मला, अगं! चड्डीत असल्यापासूनचा मित्र, आणि मला 'तुमचा' म्हणाला. मी चहा प्यायलो आणि उठून आलो. त्या चित्रपटाला संगीत नाही. लोक म्हणतात, काय धाडस केलंत! कसलं धाडस?"

ते हळूच म्हणाले, "जे हलतं, तिकडे आपला हात आपसूक जातो. जे नुसतं उभं असतं ते आपलं आपण उभं राहील, असं आपण धरून चालतो. तसं राहत नाही, सुवर्णा. काही घडत नसतानाच तर रोज हात लावावा लागतो. नाहीतर जुन्याच फोटोच्या प्रती चालू राहतात, आणि आपल्याला वाटतं, माणूस तिथं आहे."

सुवर्णानं बाहुल्यावर वाकून पाहिलं. इतक्या स्पर्शांनी कोटाची खांद्यावरची शिवण जरा उसवली होती. ती फोन घेऊन गोदामाबाहेर आली. संध्याकाळचं ऊन डोळ्यांवर आलं. दिवसाउजेडी बाहेर पडून तिला किती दिवस झाले होते कोण जाणे. शिवण उसवल्याचं चांगलं निमित्त हाताशी होतं. तेच सांगून सुरुवात करावी असं तिला वाटलं. पण तिनं ते निमित्त वापरायचं नाही असं ठरवलं आणि नंबर लावला.

बराच वेळ घंटा वाजली. मग अण्णांचा आवाज आला, घाबरलेला. "काय गं, काय झालं? बरी हायेस ना?"

आपला फोन म्हणजे काहीतरी वाईट, एवढंच आता अण्णांच्या लेखी उरलं आहे, हे तिच्या काळजात रुतलं.

"काही झालं नाही, अण्णा," ती म्हणाली. "काहीच नाही. म्हणून केला."

पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

"काम कुठवर आलं?"

"अजून फाटकापाशीच आहे."

"असू दे," अण्णा म्हणाले. "हितं पण काय न्हाई बग. एका पोराची शाळेची चड्डी शिवतोय."

"शिवा ना मग. मी आहे फोनवर."

अण्णांनी फोन तसाच मशीनच्या फळीवर ठेवला असावा, कारण थोड्या वेळानं तिला पायडलचा आवाज ऐकू येऊ लागला. चालायचा, थांबायचा, पुन्हा चालायचा. मशीनचा पट्टा बदललेला दिसत होता. आवाज पूर्वीपेक्षा जरा जड येत होता. तिला हे माहीत नव्हतं. गोदामाच्या पायरीवर बसून ती ऐकत राहिली. मध्येच अण्णा म्हणाले, "हायेस ना?" आणि ती म्हणाली, "हं."

निशाणाचे तीन दिवस तिनं पुन्हा केले, आणि या खेपेला ते आधीइतके सुरेख साधले नाहीत. विसुभाऊ म्हणाले, चालेल. त्या आठवड्यात बार्शीला रोज फोन गेला, आणि त्यात सांगण्यासारखं काहीएक नव्हतं.