गोजरा तेलीण आणि कवटीचं पाखरू

फार वर्षं झाली. किती, ते मोहडोंगरीत कुणी नेमकं सांगत नाही. गावाभोवती तेव्हा सागाचं रान होतं, चावडीला दार नव्हतं आणि घरोघरी दिव्यात तिळाचं तेल जळायचं. ते तेल गोजरा तेलीण गाळायची. तिचा नवरा लवकर गेला होता. घाण्याला बैल तीच जुंपायची, तीळ तीच ओतायची आणि तेलाचं मडकं डोक्यावर घेऊन गावभर तीच फिरायची.

तिला तुळसा नावाची एक मुलगी होती. एका पावसाळ्यात तुळसा सकाळी उठली ती कान धरून रडतच. उशाजवळच्या भिंतीवर एक विचित्र किडा होता. अंग बोटाएवढं आणि पाय झाडूच्या काड्यांसारखे लांब, दोन्ही बाजूंना पसरलेले. शेजारणी जमल्या. एक म्हणाली, हा कानात शिरून आलाय. दुसरी म्हणाली, पिल्लं आत सोडून आलाय. तेल कडकडीत तापवून कानात ओतायचं ठरलं. तेल गोजराच्याच घरचं होतं, आणि लेकीचे हातही तिनंच घट्ट धरले होते. तुळसा त्यानंतर काही दिवस तापली आणि गेली.

पुढे पाऊस सरता सरता घाण्याच्या खोलीत तसलाच किडा गोजराला पुन्हा दिसला. तिनं तो हातावर घेतला. तो तिच्या तळहातावरून दंडापर्यंत गेला, तिथून भिंतीवर उतरला, आणि फटीतलं एक झुरळ धरून खाऊ लागला. माणसाच्या कानाशी त्याचं काही काम नव्हतं. गोजरा त्याच्याकडे बघत बसली. बैल घाण्याभोवती आपसूक फिरत राहिला आणि घाण्यातला तीळ संपून गेला तरी ती उठली नाही, असं म्हणतात.

त्या दिवसापासून गोजरानं दिसेल तो किडा हातावर घ्यायला सुरुवात केली. जो चावला, तो कसा चावला आणि किती वेळ दुखलं, हे तिनं ध्यानात ठेवलं. जो चावला नाही, तो काय खातो आणि कुठं अंडी घालतो, ते बघितलं. तिच्या डाव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत डागच डाग झाले. त्यातल्या कुठल्याही डागावर बोट ठेवलं की ती सांगायची, ही गांधीलमाशी, हे लाल मुंगळे, हा चिरडला की फोड उठवणारा किडा. इंगळीनंही तिला नांगी मारली होती. तेव्हा ती रात्रभर तळमळली आणि उजाडल्यावर इंगळीलाच पाहायला गेली, असं म्हणतात.

हळूहळू लोक तिच्याकडे यायला लागले. घरात काही नवं दिसलं की वाटीखाली झाकायचं आणि गोजराला बोलवायचं. ती यायची, गुडघे टेकून बसायची, वाटी उचलायची.

"ही कुंभारमाशी. मातीचं घर बांधते. तिच्या वाटेला जाऊ नका, ती तुमच्या वाटेला येत नाही."

"हे टोके. ज्वारी उन्हात घाला, निघून जातील."

"ही वाळवी. हिला मात्र थांबू देऊ नका. दाराची चौकट आतून पोकळ झाली असेल, ठोकून बघा."

एकदा कुणाच्या तरी अंगणात वाळकी काडी चालायला लागली आणि बायका किंचाळत घराबाहेर आल्या. गोजरानं ती काडी उचलून लिंबाच्या फांदीवर ठेवली. "किडाच आहे," ती म्हणाली, "काडीचं सोंग घेतो, म्हणजे पाखरं खात नाहीत." लोक हसले. मुंग्या तिला वाट देतात आणि आग्या माशा तिच्या पदरावर बसून विसावा घेतात, असं तेव्हाच बोललं जाऊ लागलं.

गावात झेलाबाई म्हणून एक विधवा बाई होती. ती दुसऱ्या मुलखातून पोटासाठी आली होती. लोकांच्या घरी धान्य पाखडायची, निवडायची, मिळेल ते घेऊन एकटी राहायची. तिची भाषा वेगळी होती आणि ती कुणात फारशी मिसळत नसे.

एका भाद्रपदात दौलत पाटलाचा एकुलता मुलगा तापानं पडला. झेलाबाई त्या दिवशी पाटलाच्या ओसरीवर तीळ पाखडत होती. जाताना तिनं दारातून मुलाकडे पाहिलं आणि म्हणाली, "किती गोड लेकरू आहे." मुलाच्या उशाशी औषधाच्या मात्रेसाठी मधाची वाटी ठेवलेली होती. दिवेलागणीला खिडकीतून एक मोठं पाखरू आत आलं. दिव्याभोवती धडपडलं आणि मधाच्या वाटीवर बसलं. पाटलाच्या बायकोनं, कौतिकबाईनं, त्याच्यावर सूप झाकलं. सूप सरकवून बघतात तर पाखराच्या पाठीवर माणसाची कवटी. डोळ्यांच्या दोन खोबणी, खाली जबडा, सगळं स्पष्ट. कुणीतरी काडीनं डिवचलं तर ते चीं चीं करून ओरडलं. पाखरू ओरडतं हे कुणी कधी ऐकलं नव्हतं.

भिवसन भगताला बोलावलं. त्यानं पाखरू पाहिलं आणि मागे सरला. "मरण पाठवलंय," तो म्हणाला. "आज घरात कोण परकं आलं होतं?"

झेलाबाईचं नाव निघायला वेळ लागला नाही. तिला केस धरून चावडीपुढे आणलं. कुणी म्हणालं, डाकीण आहे, डोहात घाला. कुणी म्हणालं, आधी तोंडात शेण घाला. झेलाबाईला त्यांचं निम्मं बोलणं कळतही नव्हतं.

गोजरा गर्दीतून वाट काढत आली. सुपाखाली झाकलेलं पाखरूही कुणीतरी तिथं आणलं होतं. तिनं सूप मागितलं आणि पाखरू उचलून हातावर घेतलं. ते पुन्हा चीं चीं करून ओरडलं, मग गप्प बसलं.

"हे तिळावरचं आहे," ती म्हणाली. "तिळाच्या पानावर शेपटीला शिंग असलेली हिरवी जाड अळी असते ना, तिचं हे होतं. मधाचं वेड असतं याला. पोळ्यात शिरून मध पितं. वाटीवर आलं ते मधासाठी."

"अळीचं मरण होतं होय?" भगत म्हणाला. लोक हसले, पण ते हसणं बरं नव्हतं.

दौलत पाटील ओट्यावर बसला होता. मुलाजवळून तो नुकताच उठून आला होता. तो म्हणाला, "गोजरा, तू बघितलंस का हे होताना?"

"बघितलंय."

"मग आम्हालाही दाखव."

दुसऱ्या सकाळी गोजरा सगळ्यांदेखत पाटलाच्याच शेतात गेली. तिळाच्या पानांवरून तिनं मूठभर अळ्या वेचल्या. एका रुंद मडक्यात ओलसर माती भरली, वर अळ्या सोडल्या. लोकांच्या डोळ्यांसमोर त्या अळ्या डोकी खुपसून मातीत गडप झाल्या. गोजरानं मडक्याच्या तोंडाला विरळ फडकं बांधलं आणि मडकं चावडीत ठेवलं.

"आता थांबायचं," ती म्हणाली. "उकरायचं नाही. रोज थोडं पाणी शिंपडायचं."

पाटील म्हणाला, "तोवर झेलाबाई तुझ्या घरी. पण मडक्यातून पाखरू निघालं नाही, तर तिच्यासोबत तुलाही डोहाची वाट आहे."

"चालेल," गोजरा म्हणाली.

मडकं चावडीत बसलं. मातीत काही हलत नव्हतं. लोक येऊन कान लावून जायचे. भगत म्हणायचा, अळ्या मेल्या असतील. झेलाबाई गोजराच्या घरी तीळ निवडत बसायची आणि दाराबाहेर पाऊल टाकत नसे.

आणि एका सकाळी पाटलाचा मुलगा गेला.

गावातले गडी काठ्या घेऊन गोजराच्या दारापुढे आले. गोजरा घाण्यावर होती. तिनं बैल थांबवला आणि दारात येऊन उभी राहिली. तिच्या मागे झेलाबाई दाराची कडी धरून उभी होती. तेवढ्यात पाटील आला. मुलाला मूठमाती देऊन तो तसाच ओल्या धोतरानं आला होता.

"मी शब्द दिलाय," तो म्हणाला. "मडकं अजून भरलेलं आहे. घरी जा."

"पण पाटील, पोरगं गेलं..."

"माझं गेलं. घरी जा."

त्या दिवसापासून मडक्यावर पाणी शिंपडायला दौलत पाटील स्वतः येऊ लागला. सुतकाचे दिवस होते, तरी आला. ओंजळभर पाणी घ्यायचा, फडक्यावरून शिंपडायचा, थोडा वेळ बसायचा आणि जायचा. त्याच्याशी कुणी बोलत नसे. पाणी घालताना त्याला काय हवं होतं, पाखरू निघावं की निघू नये, हे कुणालाच कळलं नाही. कदाचित त्यालाही नाही.

मग घट बसायच्या सुमारास एका तिन्हीसांजेला मडक्यातून आवाज आला. चीं चीं. गाव धावलं. पाटलानं आपल्या हातानं फडकं सोडलं. मातीतून एक पाखरू वर आलं, पंख अजून चुरगळलेले. ते काठावर बसलं, हळूहळू पंख ताठ झाले, आणि पाठीवरची कवटी सगळ्यांना दिसली. मग दुसरं आलं, तिसरं आलं. मूठभर अळ्या घातल्या होत्या, पण पाखरं येतच राहिली. चावडी भरली, दिवा विझला, आणि त्या अंधारात गोजराच्या दोन्ही हातांवर मनगटापासून खांद्यापर्यंत पाखरं बसली होती, असं म्हणतात. त्यातलं एक भगताच्या पागोट्यावर बसलं आणि ओरडलं. तो जागचा हलला नाही.

"मी खोटं बोललो नव्हतो," भगत म्हणाला. "मला कवटीच दिसली."

"कवटीच आहे," गोजरा म्हणाली. "तू तिथंच थांबलास."

कौतिकबाई गर्दीच्या मागे उभी होती. ती पुढे आली. तिनं एक पाखरू जवळून पाहिलं आणि गोजराला विचारलं, "मग माझ्या लेकाला कुणी नेलं?"

"तापानं, पाटलीणबाई."

"कुणी पाठवला ताप?"

"कुणी नाही."

कौतिकबाई तिथंच खाली बसली. कुणाला तरी शिव्या देता आल्या असत्या, तर तिला त्या दिवशी बरं वाटलं असतं. झेलाबाई तिच्याजवळ गेली, पण हात लावायचं धाडस तिला झालं नाही. ती थोडं अंतर ठेवून तिच्या शेजारी बसली. लोक एकेक करून निघून गेले, तरी त्या दोघी चावडीत तशाच बसून होत्या.

झेलाबाई पुढे जन्मभर मोहडोंगरीत राहिली. भगत त्यानंतरही भगतच राहिला, पण कुणाचं नाव घेण्याआधी गोजराच्या घरी जाऊन यायचा. गोजरा खूप म्हातारी होऊन गेली. ती गेली त्या दिवशी गावात कुठल्याही घरात मुंगी दिसली नाही. सगळ्या मुंग्या एका ओळीनं तिच्या दारापासून नदीपर्यंत चालल्या होत्या, आणि तिला नेणारी माणसं ती ओळ ओलांडायला नको म्हणून शेताच्या बांधावरून गेली, असं म्हणतात.

मोहडोंगरीत आता तेलाचा घाणा नाही, घरोघरी वीज आहे. पण गावात कुणी कुणावर आळ घेतला, चोरीचा असो, करणीचा असो, बदनामीचा असो, की चावडीत मातीनं भरलेलं मडकं ठेवतात. त्याला गोजराईचं मडकं म्हणतात. त्यात काही घातलेलं नसतं, नुसती माती. ज्यानं आळ घेतला, त्यानं रोज येऊन त्यावर ओंजळभर पाणी शिंपडायचं आणि थोडा वेळ तिथं बसायचं. तो पाणी घालतोय तोवर ज्याच्यावर आळ आहे त्याला गावात कुणी बोट लावत नाही.

बहुतेकदा थोडे दिवस जातात आणि पाणी शिंपडायला येणारा यायचा थांबतो. माती वाळते, तिला भेगा पडतात. मग गावातलं कुणीतरी ते मडकं उचलतं, माती तिळाच्या शेतात ओतून येतं आणि मडकं धुऊन चावडीच्या कोनाड्यात पालथं ठेवतं. त्या आळाबद्दल पुन्हा कुणी बोलत नाही.