पोवळीचे पाऊल

एका राज्यात पंचांग समुद्र सांगत असे. भरती आली नि ओसरली की एक दिवस झाला. पाणी चढत चढत कासवखडकाला टेकले की लग्नाचे मुहूर्त निघत. उतरून खालच्या शेवाळलेल्या पायरीवर रेंगाळले की जाळी विणायचे दिवस. वर्षातून एकदा महाउधाण येई. त्याच्या आदल्या संध्याकाळी लहानथोर सगळे किनाऱ्यावर जात आणि ओल्या वाळूत आपले एक पाऊल उमटवून येत. याला म्हणत पाऊल देणे. महाउधाण ती पावले पुसून नेई, तेव्हा वर्ष सरे आणि माणूस वर्षाने मोठे होई. पाऊल पुसले गेले नाही तर वय वाढले नाही, असा तिथला साधा हिशेब होता.

त्या राज्याचा राजा शंखध्वज, राणी वेलावती. त्यांची लेक पोवळी चार वर्षांची होती आणि पाचची व्हायला अगदी उतावीळ झाली होती. दिसेल त्याला हाताची पाच बोटे दाखवत ती महिनाभर वाडाभर हिंडली. तो दिवस आला, तिने धावत जाऊन पाऊल दिले. रात्री तिला ताप भरला आणि महाउधाण यायच्या आत पोवळी गेली.

त्याच भरतीला समुद्र थांबला. कासवखडकाच्या पुढे आला आणि घागरीतल्या पाण्यासारखा उभा राहिला. ना पुढे, ना मागे. सूर्य उगवे, मावळे, पण दिवस काही मोजला जाईना. आणि जे मोजात नाही ते त्या राज्यात घडत नसे. आंबोळीचे पीठ आंबेना. पोरांचे हलणारे दात पडेनात. नवरदेव मुंडावळ्या बांधून मांडवात बसले ते बसलेच. राणीच्या पोटात दुसरे बाळ होते. तिचे दिवस अगदी भरत आले होते, पण कळा येईनात. बाळ आतून लाथा मारी. बाहेर यायला मात्र त्याला दिवसच मिळत नव्हता.

राजा म्हणाला, "कुणा वैऱ्याचा शाप आहे. किनाऱ्यावर कुणी फिरकायचे नाही."

राणीने विचारले, "आणि उतारा, महाराज?"

"घाई कसली?" म्हणून राजाने तोंड फिरवले.

आता तुम्हीच सांगा, ज्याचे बाळ अडले आहे तो बाप असे म्हणेल? राणी लेकीच्या दुःखाने अर्धी झाली होती, पण हा प्रश्न तिला स्वस्थ बसू देईना. एका दुपारी ती जड अंगाने मागच्या दाराने बाहेर पडली.

वाटेत एक पाणकावळा पंख पसरून बसला होता. तो म्हणाला, "कुठे निघालात, राणीसाहेब?"

"समुद्र का थांबला, ते विचारायला."

"विचाराच एकदा. इथे माझे पंख वाळता वाळत नाहीत. समुद्राला गाठ मारायचा मंत्र एका खारजोग्याला येतो. चला, दाखवतो."

खारजोगी मिठाच्या गुहेत राहत असे. त्याच्या दाढीलाही मिठाचे खडे लोंबत होते. "गाठ मीच मारली," त्याने सरळ सांगून टाकले.

"कुणासाठी?"

"तो शब्द मी मोडणार नाही. तू तीन वस्तू शोध. केवड्याच्या बनातले कणीस. समुद्राचे नव्हे असे खारे पाणी. आणि राज्यातले सर्वांत लहान पाऊल. नाव तुझे तुला कळेल."

"आणि गाठ कोण सोडवणार?"

"ज्याने मारायला लावली, तोच."

केवड्याचे बन कासवखडकाच्या मागेच होते. बनाच्या तोंडाशी नाग पहुडला होता. राणीने हात जोडले, तसा तो बाजूला सरकला. म्हणाला, "कणीस खुशाल तोड. राजा रोज येतो, पण कणसाकडे ढुंकून बघत नाही."

राणीचा हात कणसावरच थांबला. "मग कशाकडे बघतो?"

"पलीकडे जा, म्हणजे कळेल."

पलीकडे वाळूत रेशमी दोरीचे रिंगण होते, दोरीला एकच गाठ. रिंगणात इवलेसे पाऊल उमटलेले, अंगठा जरा जास्तच रुतलेला. पाणी त्याच्यापासून हातभर अंतरावर अडून उभे होते. राजा गुडघे टेकून बसला होता आणि त्याच्या हनुवटीवरून आसवे वाळूत ठिबकत होती. तिन्ही वस्तू राणीला एकाच जागी सापडल्या.

"महाराज," ती म्हणाली.

राजाने वर पाहिले नाही. "तिचे एवढेच उरले आहे, राणी. हे तरी समुद्राने नेऊ नये."

 राणी त्याच्या शेजारी बसली. धावण्याच्या नादात रुतलेला तो अंगठा पाहून तिला भडभडून आले. क्षणभर तिलाही वाटले, उभाच राहू दे समुद्र, राहू दे सगळे असेच. तेवढ्यात बाळाने पोटात लाथ मारली.

तिने डोळे पुसले. "एक विचारू, महाराज? आपली पोवळी किती वर्षांची?"

"चार."

"आणि तिला किती व्हायचे होते?"

 राजाने हात वर केला आणि पाचही बोटे उघडली.

"तिने आपण होऊन धावत येऊन पाऊल दिले," राणी म्हणाली. "आपण ते पोचू दिले नाही. लेक अजून चारचीच आहे हो."

राजाने गाठीला हात घातला.  गाठ लवकर सुटेना. सुटली तशी दोरी गळून पडली आणि पाणी पुढे सरले. आधी अंगठा गेला, मग टाच. राजाने नजर हटवली नाही. त्यामागून महाउधाण उसळून आले आणि किनाऱ्यावरची सगळी पावले घेऊन गेले. गावात मांडवांतून वाजंत्री वाजू लागली. पाणकावळा झटकन पंख मिटून उडाला. राणीने राजाचा दंड घट्ट धरला, कारण तिला पहिली कळ आली होती.

ओहोटी लागायच्या आत तिला मुलगा झाला. भरतीची कहाणी अशी ओहोटीला पोचली आणि पुढची वर्षे पुन्हा पहिल्यासारखी येऊ-जाऊ लागली. राजा म्हातारा झाला तरी कुणी त्याला लेकीचे वय विचारले, तर तो सगळा हात उघडून दाखवी आणि म्हणे, "पाच. पुरती पाच."