अंतरपाटामागचा कर

बहिरगडच्या मानाजीराजांनी विणकरांवर नवा कर बसवला आणि गोजराचं लग्न अडलं!

घरात एक माग असेल तर वर्षाला दोन रुपये. एकाच घरात दोन माग असतील तर थेट आठ! गोजराच्या घरी आईमागे राहिलेला एक माग होता, हैबतीच्या घरी एक. वेगवेगळे राहिले तर दोघांचे मिळून चार रुपये. लग्न केलं की आठ.

हैबतीच्या आईने निरोप धाडला, "माग विकून ये, नाहीतर आम्ही बिनमागाची सून बघतो."

गोजरा रात्रभर कूस बदलत राहिली. त्या मागावर बसूनच आईने तिला धोटा फेकायला शिकवलं होतं. माग सोडवेना आणि हैबतीही सोडवेना. सकाळी तिने डोक्यावर पदर घेतला आणि तडक दरबार गाठला.

"महाराज, लग्न केलं म्हणून दंड कसला?"

"दंड नाही पोरी, हिशेब आहे!" राजे मिशीवर बोट फिरवत म्हणाले. "कमावणारे दोन, पण चूल एक, दिवा एक, छप्पर एक. केवढी बचत! त्यातलं थोडं सरकारला."

"आणि पोरं झाली की पातेलं मोठं लागतं, ते सरकार देणार का?"

दरबारात खसखस पिकली. राजांचे कान लाल झाले.

"जीभ फार चालते तुझी! ऐक तर. माझ्या वहीत माणसांची दोनच पानं आहेत. लग्न झालेले आणि बिनलग्नाचे. उद्या तू आणि तुझा तो हैबती इथे या. पण लग्न झालेले म्हणून येऊ नका, आणि बिनलग्नाचे म्हणूनही येऊ नका! जमलं तर मागशील ते देईन. नाही जमलं तर तुझा माग सरकारजमा!"

गोजराने पदर सावरला. मग म्हणाली, "येते, महाराज. फक्त माझ्या माणसांना आत सोडायला सांगा."

दुसऱ्या दिवशी दरबार भरतो न भरतो तोच दारात सनई वाजली! पुढे भटजी, मागे हळद लागलेली, मुंडावळ्या बांधलेली गोजरा. तिच्यामागे घामाघूम झालेला हैबती, कर सुटेल या आशेने आलेली त्याची आई आणि सगळी विणकर आळी. कोणी दोन पाट मांडले, कोणी अक्षता वाटल्या. चोपदारानेही सवयीने अक्षतांची मूठ पुढे केली. दोघांच्या मध्ये पांढराशुभ्र अंतरपाट धरला गेला आणि भटजींनी खड्या आवाजात मंगलाष्टक सुरू केलं.

"अरे, हे काय चाललंय?" राजे ओरडले.

"तुमचा हुकूम पाळतोय, महाराज," गोजरा म्हणाली आणि राजांची वही घेऊन बसलेल्या कारभाऱ्यांकडे वळली. "कारभारी, तुम्हीच सांगा. आमचं लग्न झालं का?"

"छे! अंतरपाट अजून तसाच आहे. माळा कुठे पडल्या?"

"मग मला बिनलग्नाच्या पानावर लिहा."

कारभाऱ्यांनी लेखणी उचलली आणि तशीच धरली. "हळद लागलेली, पाटावर उभी असलेली नवरी बिनलग्नाची कशी लिहू? माझ्या घरची बायको मला आत घेणार नाही!"

"मग कुठल्या पानावर लिहिता?"

कारभाऱ्यांनी वही उलटी केली, सुलटी केली आणि हळूच मिटली.

"किती वेळ असे उभे राहणार?" राजांनी विचारलं.

"महाराज 'जमलं' म्हणेपर्यंत!"

भटजींचं शेवटचं मंगलाष्टक तिसऱ्यांदा चाललं होतं. त्यांचा घसा बसत आला होता. अंतरपाट धरणाऱ्यांनी दोनदा हात बदलले होते. अंतरपाटाखालून गोजराला हैबतीच्या पायाची बोटं तेवढी दिसत होती. तीही अवघडून एकमेकांवर चढली होती.

"बरं, जिंकलीस! काय हवं?"

"लग्नाआधी जो कर, तोच लग्नानंतर. ज्याचा माग, त्याचे दोन रुपये. सगळ्या विणकरांना!"

राजांचा चेहरा पडला. "पोरी, दुसरं काही माग. सोनं माग! बसवलेला कर उठवला तर लोक म्हणतील, राजाने एका मुलीपुढे शब्द फिरवला."

हैबतीच्या आईने सुस्कारा सोडला. गोजरा मात्र हसली.

"शब्द कशाला फिरवता, महाराज? जरा आपली मूठ उघडून बघा."

राजांनी मूठ उघडली. आत अक्षता! चोपदाराने कधी पुढे केल्या आणि आपण कधी घेतल्या, त्यांना कळलंसुद्धा नव्हतं. दोन दाणे तर त्यांचे टाकूनही झाले होते.

"अक्षता हातात घेतलेला पाहुणा आहेर दिल्याशिवाय जातो का? कर उठवू नका. वरचे चार रुपये आहेर म्हणून सोडा!"

राजे आधी अक्षतांकडे बघत राहिले, मग कारभाऱ्यांकडे आणि मग असे खदखदून हसले की डोक्यावरचा मंदिल कानावर आला!

"दिला! गोजराबाईंच्या लग्नाचा आहेर, सगळ्या विणकरांना! आणि नवरीला माझ्याकडून सोन्याची नथ! भटजी, आता सोडवा बिचाऱ्यांना!"

"सावधाऽन!" भटजींनी उरलासुरला आवाज लावला. अंतरपाट खाली आला आणि पहिली अक्षता पडली ती राजांची.

माळा पडताच मागून आळीतल्या पोरी पुढे सरकल्या. "महाराज, आमचीही लग्नं या करापायी अडलीत. चौदा आहेत. याल ना?"

"चौदा!" राजांनी कपाळाला हात लावला आणि हसत हसत ओरडले, "कारभारी, पुढच्या लग्नांना तुम्ही जा! मला एवढे आहेर परवडायचे नाहीत!"